निळ्या ढालीच्या भरवशावर

‘युद्ध झालंच तर सीमेवर होईल, मानवत गावाला त्याचं काय?’ असं म्हणणाऱ्यांनी 1948 आठवावं. 13 ते 17 सप्टेंबर या पाच दिवसांत निजामाच्या राज्यात, म्हणजे आपल्या मराठवाड्यातही, भारताचं सैन्य शिरलं होतं. त्याची एक फळी औरंगाबाद, जालना या बाजूने आली. दौलताबादचा किल्ला आणि वेरूळची लेणी त्याच टापूत. युद्धात वारसा जपण्याचा हेग करार मात्र सहा वर्षांनी, 1954 साली झाला. भारताने तो 1958 साली मान्य केला.

आता करार आहे म्हणून कुणी हात लावणार नाही, हेही अर्धंच खरं. ‘लष्करी निकड’ नावाची पळवाट त्यात ठेवलेलीच आहे. शिवाय बंधन दोन्हीकडे आहे: देवळाच्या आडोशाने तोफा लावायच्या नाहीत, हेही तोच करार सांगतो. हे कलम लोकांना सहसा माहीत नसतं.

जपायच्या वास्तूवर या कराराचं निळ्या ढालीचं चिन्ह लावलं की काम भागतं? 6 डिसेंबर 1991 रोजी क्रोएशियातल्या दुब्रोव्निकच्या जुन्या शहरावर तोफगोळे पडले. ते 1979 पासून जागतिक वारसा होतं. तिथे लावलेल्या चिन्हाने गोळा अडला नाही. पण पुढे त्या माऱ्याबद्दल मिओद्राग योकिच या नौदल अधिकाऱ्याला 2004 साली सात वर्षांची शिक्षा झाली.

सगळं नुकसान गोळ्यानेच होतं, असंही नाही. मे 1818 मध्ये इंग्रजांनी रायगडावर तोफा डागल्या. गडाचा कातळ आजही तसाच आहे. गेले ते वाडे, कारण ते लाकडी होते आणि आग लागली. आज तिथे फक्त जोती दिसतात. अजिंठ्याचंही तसंच: रंग दगडावर नाही, भुसा मिसळलेल्या मातीच्या गिलाव्यावर आहे. जवळ स्फोट झाला तर खडक टिकेल, गिलावा सुटेल.

म्हणून खरं काम शांततेतच करायचं असतं. जिंतूर तालुक्यातल्या चारठाण्याच्या देवळांची मापं, एकेका मूर्तीचा क्रमांक, चारही बाजूंचे फोटो हवेत. धामधुमीत मूर्ती पळवली गेली, तर ती आपलीच हे सिद्ध करायला सहसा दुसरा पुरावा नसतो. मोबाइलचा फोटोही चालेल. शेजारी मोजपट्टी ठेवा आणि एक प्रत गावाबाहेर ठेवा.