मुलूख कोणता?

भिवंडीच्या यंत्रमागावर राबणाऱ्या कामगारास ‘घर कोठे?’ असे विचारले, तर तो शेजारच्या गल्लीतील आपल्या खोलीकडे बोट दाखवीत नाही. उत्तर प्रदेशातील, बिहारमधील वा तेलंगणातील एखाद्या गावाचे नाव सांगतो. त्यास तो ‘मुलूख’ म्हणतो. भिवंडी ही त्याची कर्मभूमी खरी. ती त्याची भूमी केव्हा होणार?

प्रश्न जुनाच आहे. १८५७ च्या उठावानंतर उत्तर हिंदुस्थानातील विणकर कुटुंबे येथे येऊन वसली. पुढे तेलुगू पद्मशाली आले. त्यांचे वंशज आज भिवंडीकरच होत. मात्र हे नाते किती नाजूक असते, हे मे १९७० च्या दंगलीने दाखविले. दंगलीनंतर भीष्म साहनी येथे आले, तेव्हा उद्ध्वस्त वस्ती पाहून त्यांना फाळणीत दुरावलेली रावळपिंडी आठवली, आणि ‘तमस’ ही कादंबरी जन्मास आली.

निवेदन न करता केवळ पाहत राहणारा एखादा लघु अनुबोधपट या शहरावर काढावयाचा ठरविल्यास दृश्यांची वाण नाही: मागांचा खडखडाट, बारा तासांची पाळी, एकाच खोलीत आळीपाळीने झोपणारी माणसे, खाणावळीतील पंगत. परंतु कॅमेऱ्यास जे दिसत नाही, ते अर्थशास्त्रास पाहावे लागते. मजुरी विणलेल्या कापडावर मिळते; माग थांबला की मजुरीही थांबते. कामगाराचे बालपण, आजारपण आणि वार्धक्य गाव सोसते. ऐन उमेदीची वर्षे तेवढी शहर घेते. कापड स्वस्त पडते, त्यात गावाने दिलेल्या या अदृश्य अनुदानाचाही वाटा असतो. मुलूख ही केवळ भावना नव्हे. तो गरिबाचा विमा आहे.

मार्च २०२० मध्ये टाळेबंदी आली, माग थांबले आणि हा हिशेब उघडा पडला. मेच्या आरंभी भिवंडीहून गोरखपूरकडे श्रमिक विशेष गाडी सुटली; कित्येकांनी तर नाशिकचा रस्ता पायीच धरला.

बाहेरून आलेल्यांचा भार शहराने का वाहावा, असा आक्षेप घेतला जाईल. ज्याच्या श्रमाचे फळ शहर घेते, त्याच्या अडचणीचा वाटाही शहरानेच उचलावयास हवा, हे त्याचे उत्तर. शिधापत्रिका आता देशभर चालते, हे चांगलेच झाले. परंतु नोकरीचा लेखी पुरावा, परवडणारी भाड्याची खोली आणि दवाखान्याचा हक्क यांवाचून ते अपुरे आहे. जेथे माणसास आजारी पडण्याची आणि म्हातारे होण्याची मुभा असते, तेथेच त्याचे घर असते.