‘पगार’ : एका क्रियापदाची वंशकथा

महिनाअखेरीस ज्या शब्दाचे आम्हां शिक्षकांस विशेष स्मरण होते, तो ‘पगार’ हा शब्द जन्माने नाम नव्हे, क्रियापद आहे, असे सांगितले म्हणजे वर्गातील मुलेच काय, शिक्षकखोलीतील सहकारीही क्षणभर थबकतात. पोर्तुगीज भाषेत ‘पगार’ म्हणजे ‘पैसे देणे’. आपल्या ‘करणे’, ‘देणे’ या रूपांतील ‘णे’ जे काम करतो, तेच तेथे अंत्य ‘र’ करतो. लॅटिनमध्ये याचे मूळ रूप ‘पाकारे’, म्हणजे शांत करणे. ‘पाक्स’ म्हणजे शांती, तिच्यापासून ते झाले. धनकोस शांत करण्याचा एकच खात्रीचा उपाय असल्यामुळे पुढे ‘शांत करणे’ याचाच अर्थ ‘देणे फेडणे’ असा झाला. दोन स्वरांमधील ‘क’चा ‘ग’ झाला, यातही नवल नाही; आपल्याकडे ‘मकर’चा ‘मगर’ आणि ‘प्रकट’चा ‘प्रगट’ याच रीतीने झाला आहे.

आमचे इब्रामपूर हे पेडणे तालुक्यातील, महाराष्ट्राच्या सीमेलगतचे गाव. पोर्तुगीज अंमल या भागात अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात आला आणि १९ डिसेंबर १९६१ रोजी संपला. जुन्या काबिजादींच्या मानाने ती भाषा येथील घरांत फारशी शिरली नाही. तथापि आमच्या लहानपणी शेजारी ‘सेगुंद ग्राव’ झालेले एक वृद्ध गृहस्थ होते. ‘मी देईन’ यास पोर्तुगीजमध्ये ‘पगारेइ’ म्हणतात. पण ‘मी त्याला देईन’ असे म्हणावयाचे झाल्यास ते ‘पगार-ल्ये-एइ’ असे म्हणत. क्रियापदाचे मध्येच दोन तुकडे करून त्यांत ‘त्याला’ हा शब्द बसवलेला पाहून आम्ही मुले हसत असू. त्या तुकड्यांत दीड हजार वर्षांचा इतिहास उघडा पडलेला होता, हे कळावयास आम्हांस पुढे बरीच वर्षे लागली.

लॅटिनमध्ये भविष्यकाळाचे रूप वेगळे होते. ‘पाकाबित’ म्हणजे ‘तो शांत करील’ आणि ‘पाकावित’ म्हणजे ‘त्याने शांत केले’. पुढे लोकांच्या बोलण्यात स्वरांमधील ‘ब’ आणि ‘व’ एकरूप झाले. देणे फेडले की फेडणार, हेच उच्चारावरून कळेनासे झाले, तर व्यवहार चालावा कसा? तेव्हा लोकांनी ‘पाकारे हाबेओ’, म्हणजे ‘मला देणे आहे’, ही साधी जुळणी हाताशी धरली. आपणही ‘मला उद्या जायचे आहे’ असे म्हणून भविष्यच सांगतो. बोलता बोलता ‘हाबेओ’ झिजून ‘एइ’ एवढाच उरला व मूळ क्रियापदास चिकटला. स्पॅनिशमध्ये ‘पगारे’ (आपल्याकडील आडनावाशी त्याचा संबंध नाही), इटालियनमध्ये ‘पागेरो’, फ्रेंचमध्ये ‘पेयरे’, सर्वत्र तोच सांधा आहे. स्पेन व इटलीत तर या रूपांचा अर्थ ‘वचनचिठ्ठी’ असाही होतो. ‘मी देईन’ हे क्रियापदच कागद होऊन बाजारात हिंडू लागले. मात्र सांधा अजून उकलता येतो तो पोर्तुगीजमध्ये. इ. स. ८४२ च्या स्ट्रासबुर्ग येथील शपथपत्रात हा नवा भविष्यकाळ लेखी आढळतो. म्हणजे तोवर तो लोकांच्या तोंडी रुळून गेला होता. रुमानियाने मात्र निराळी वाट धरली. तेथे ‘इच्छिणे’ या अर्थाच्या क्रियापदापासून भविष्यकाळ झाला.

भूतकाळाची कथा आम्हांस अधिक जवळची वाटते. संस्कृतात ‘अकरोत्’, ‘चकार’, ‘अकार्षीत्’ अशी तीन भूतकाळी रूपे होती. मराठीत यांतील एकही उरले नाही. उरले ते ‘कृत’ हे धातुसाधित. त्याचे प्राकृतातील रूप, त्यास जोडलेला ‘इल्ल’ प्रत्यय, आणि त्यातून ‘केले’. ‘मया पत्रं लिखितम्’ याचे ‘म्यां पत्र लिहिले’ व आज ‘मी पत्र लिहिले’ झाले. म्हणूनच आंबा ‘खाल्ला’ जातो आणि पोळी ‘खाल्ली’ जाते. खाणारा कोण, याची क्रियापद विचारपूसही करीत नाही. लॅटिन बोलणाऱ्यांनीही धातुसाधिताचाच आश्रय केला, पण ‘माझ्याकडून’ असे न म्हणता ‘माझ्याजवळ लिहिलेली पत्रे आहेत’ असे म्हटले. त्यातील ‘लिहिलेली’ हा शब्द पत्रांच्या लिंगवचनाप्रमाणे चाले. फ्रेंचमध्ये कर्म आधी आले असता आजही लेखनात ही खूण राखावी लागते व तेथील विद्यार्थी त्यासाठी गुण गमावतात. मराठी मुलास हीच गोष्ट दूध पिता पिता येते. व्याकरण अवघड की सोपे, हे पुष्कळदा ते कोणत्या घरात शिकले जाते यावर ठरते, असे आमचे मत आहे. मराठीची जडणघडण प्रथम शास्त्रीय पद्धतीने तपशीलवार मांडली ती झ्यूल ब्लॉक या फ्रेंच पंडिताने, हाही एक सुंदर योग होय.

आता एका शिक्षकाविषयी. रोमन साम्राज्याच्या उत्तरकाळी कोणा अनामिक व्यक्तीने, बहुधा शाळामास्तराने, लोकांच्या अशुद्ध उच्चारांची सुमारे २२७ नोंदींची यादी केली. ती ‘प्रोबसची पुरवणी’ या नावाने ओळखली जाते. कानास ‘औरिस’ म्हणावे, ‘ओरिक्ला’ म्हणू नये. आरशास ‘स्पेकुलुम’ म्हणावे, ‘स्पेक्लुम’ म्हणू नये, असा त्याचा दंडक. आज पोर्तुगीजमध्ये कानास ‘ओरेल्य’ व आरशास ‘एस्पेल्यु’ म्हणतात. दोन्ही शब्द त्या मास्तराने खोडलेल्या रूपांची संतती आहेत. त्याने जपलेला ‘औरिस’ मात्र कोणाच्याच तोंडी राहिला नाही.

ही यादी प्रथम वाचली, तेव्हा आम्हांस आमचीच लाल शाई आठवली. गेल्या पावसाळ्यात पाचवीतील एका मुलीने निबंधात ‘आजी उद्या येतली’ असे लिहिले होते. आम्ही सवयीने ‘येतली’ खोडून वर ‘येईल’ लिहिले. वस्तुतः जुन्या वर्तमानकाळाच्या ‘येई’ या रूपास ‘ल’ जोडून ‘येईल’ झाले, तर आमच्याकडील बोलीने ‘येत’ या धातुसाधितापासून ‘येतलो’, ‘येतली’ अशी रूपे घडविली. एक भविष्यकाळ, वाटा दोन. इटली आणि रुमानियाप्रमाणेच. परीक्षेत प्रमाण रूपच लिहावे, असे आम्ही अजूनही सांगतो. परंतु आता समासात ‘चूक’ न लिहिता ‘घरची रीत’ असे लिहितो.

दुसऱ्या दिवशी ती दोन्ही रूपे फळ्यावर शेजारी शेजारी मांडली आणि फरक विचारला. थोड्या वेळाने तीच मुलगी उठून म्हणाली, “गुरुजी, नुसते ‘येईल’ म्हटले तर बाबा येणार की आई ते कळत नाही. ‘येतली’ म्हटले की आई हे लगेच कळते.”