कोड २३ दिसला म्हणजे कंट्रोलर गेला? इलेक्ट्रिक फोर्कलिफ्टचे एरर कोड कसे वाचायचे, जाणून घ्या

ट्रक दारात उभा, माल उतरवायचा बाकी आणि इलेक्ट्रिक फोर्कलिफ्ट जागची हलेना. भिवंडीचे गोदाम असो की चाकणचा कारखाना, अशा वेळी एरर कोड दिसला की पहिला संशय कंट्रोलरवर जातो. पण महागडा कंट्रोलर बदलण्याआधी कोड नेमके काय सांगतो, हे पाहायला हवे.

कोड म्हणजे काय?

कंट्रोलर बॅटरीतून मोटरकडे जाणारी वीज नियंत्रित करतो. व्होल्टेज, तापमान किंवा सेन्सरमध्ये गडबड दिसली की तो गाडीचा जोर कमी करतो किंवा ती थांबवतो आणि कोड देतो. कोड लक्षण सांगतो, कारण आपल्याला शोधावे लागते. कंपनी आणि मॉडेलनुसार कोड बदलतात, म्हणून त्याच मॉडेलचे मॅन्युअल पाहावे.

तीन उदाहरणे

कर्टिस कंपनीच्या १२३४, १२३६ यांसारख्या एसी कंट्रोलरवर लाल आणि पिवळा असे दोन दिवे असतात. लाल एकदा लुकलुकला की पिवळा पहिला अंक दाखवतो. लाल दोनदा लुकलुकला की दुसरा.

• २३ : व्होल्टेज कमी.
• ३८ : मेन कॉन्टॅक्टर चिकटला.
• ४७ : सुरू करण्याचा क्रम चुकला. अनेकदा हा बिघाडच नसतो. एक्सलरेटरवरून पाय काढा, लिव्हर न्यूट्रलला आणा, सीटवर नीट बसून पुन्हा चावी फिरवा.

कोड २३ कसा तपासायचा?

४८ व्होल्टच्या लेड-ॲसिड बॅटरीत २४ सेल असतात. गाडी उभी असताना मीटर योग्य व्होल्टेज दाखवू शकतो. खरी परीक्षा वजन उचलताना होते. त्या वेळी तंत्रज्ञाने बॅटरीवर आणि कंट्रोलरवर, अशा दोन ठिकाणी व्होल्टेज मोजावे. दोन्हीकडे कमी असेल तर चार्जिंग आणि सेल तपासावेत. बॅटरीवर ठीक, पण कंट्रोलरवर कमी असेल तर दोष मधल्या वाटेत आहे : सैल नट, गंजलेले टर्मिनल किंवा खराब केबल.

हे टाळा

• बॅटरीचा प्लग काढल्यावर लगेच कंट्रोलरला हात लावू नका. आतल्या कपॅसिटरमध्ये वीज शिल्लक असते.
• काम अडले म्हणून सीट स्विच बायपास करू नका. चालक सीटवर नसतानाही गाडी चालू शकते.
• चावी बंद-चालू करण्याआधी कोड, वेळ आणि तेव्हा सुरू असलेले काम लिहून ठेवा. मेकॅनिकला सर्वाधिक मदत याच नोंदीची होते.