सहा चवी, ६३ मिश्रणं

आमटीत गूळ, आमसूल, मीठ, तिखट पडलं की चार चवी झाल्या. सहा रसांतून, म्हणजे सहा चवींतून, असे चार-चारचे गट किती? भास्कराचार्यांनी ‘लीलावती’त (इ.स. ११५०) षड्रसांचंच गणित घातलंय.

आधी तीन चवी निवडू. पहिलीला ६ पर्याय, दुसरीला ५, तिसरीला ४, गुणाकार १२०. पण गूळ आधी की आमसूल, यावरून घरात कितीही वाद झाला तरी गट तोच! प्रत्येक त्रिकूट सहादा मोजलं गेलंय. म्हणून १२० भागिले ६, म्हणजे २०.

चारचा गट? कोणत्या दोन वगळायच्या तेवढं ठरवा: ३० भागिले २, १५. एकेकट्या ६, जोड्या १५, पाचांचे ६, सगळ्या एकत्र १. वरची २० त्रिकुटं आणि चारचे १५ गट धरून एकूण ६३. त्यात कडू-तुरट जोडीही आली. ती खाणार कोण, हे मात्र भास्कराचार्यांनी विचारलेलं नाही.