जुन्या सॅक्सोफोनमधील रचनात्मक बिघाड : स्वरूप व परीक्षण

प्रस्तावना

बेल्जियन वाद्यनिर्माता ॲडॉल्फ सॅक्स याने १८४६ मध्ये फ्रान्समध्ये सॅक्सोफोनचे पेटंट घेतले. महाविद्यालयांच्या संगीत विभागांत वा बँडपथकांत वर्षानुवर्षे पेटीत पडून राहिलेल्या अशा वाद्याची किंमत बहुधा त्याच्या चकाकीवरून केली जाते. परिणामी उत्तम वाद्य मोडीत निघते आणि सदोष वाद्य चढ्या दराने विकत घेतले जाते. काळवंडणे व बिघडणे या दोन भिन्न अवस्था होत. त्यांतील भेद स्पष्ट करणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

वाद्याची रचना

सॅक्सोफोन म्हणजे क्रमाने रुंदावत जाणारी पितळी नळी. तिचा पत्रा एक मिलिमीटरपेक्षाही पातळ असतो. नळीवर वीसहून अधिक स्वररंध्रे असून चामडे व नमदा यांच्या गाद्या ती मिटवितात. त्यामुळे नळीचा आकार बदलला आहे काय आणि रंध्रे हवाबंद मिटतात काय, हे दोन प्रश्न निर्णायक ठरतात.

आकारातील बिघाड

वाद्य पडल्यास मुख्य नळीला बाक येतो. चाव्यांचे खुंट सरकतात, दांड्या अडकतात व रंध्रांच्या कडा समपातळीत राहत नाहीत. कर्ण्याला धक्का बसल्यास खर्जातील स्वर प्रथम दगा देतात. मुखनळी जोराने बसविण्याच्या सवयीने वरची वक्र मान खाली दबते. तिचा गोल छेद लंबगोल होतो आणि स्वरमेळ बिघडतो. कर्ण्यावरील लहानसा पोचा मात्र सहसा निरुपद्रवी असतो.

धातू व सांध्यांतील बिघाड

पृष्ठभागावरील काळेपणा वा हिरवट कळंक बहुधा वरवरचा असतो. याउलट गुलाबी-तांबूस ठिपके गंभीर होत. ओलावा व लाळ यांमुळे पितळेतील जस्त निघून जाते आणि मागे सच्छिद्र, ठिसूळ तांबे उरते. मानेच्या आतील बाजूस ही प्रक्रिया विशेष आढळते.

सांध्यांचा विचार वाद्याच्या बनावटीनुसार करावा लागतो. अमेरिकेतील एल्कहार्टच्या मार्टिन कंपनीच्या जुन्या वाद्यांत रंध्रांच्या कडा स्वतंत्रपणे घडवून डाक देऊन बसविलेल्या असत. ती डाक खंगल्यास कडेच्या मुळाशीच हवा निसटते व गादी बदलूनही दोष जात नाही. तेथीलच कॉन कंपनीच्या अनेक जुन्या वाद्यांत कडा नळीच्याच पत्र्यातून वर ओढून दुमडलेल्या असत. तेथे डाकेचा प्रश्न नाही. परंतु अशी कड कानशीने सपाट केल्यास दुमड फाटते.

मऊ भागांची झीज

दमट पेटीत चामडे ताठरते, नमद्याला कसर लागते, पोलादी स्प्रिंगा गंजून तुटतात. कोकण-गोव्याच्या पावसाळी हवेत हे लवकर घडते. तथापि हे भाग बदलता येतात. त्यावरून वाद्य निकामी ठरवू नये.

परीक्षण व निष्कर्ष

प्रथम नळीच्या लांबीवर नजर रोखून बाक पाहावा, नंतर मान व सांधे तपासावेत. शेवटी अंधाऱ्या खोलीत नळीत दिवा सोडून मिटलेल्या गाद्यांखालून प्रकाश झिरपतो काय, हे पाहावे. यंत्रावर घासून चकाकी आणण्याचा मोह टाळावा. त्यात मूळचा पातळ पत्रा आणखी झिजतो आणि ती हानी भरून निघत नाही. वाद्य कोरडे पुसून, मान स्वतंत्र गुंडाळून, कोरड्या जागी ठेवणे हाच त्याच्या जतनाचा सर्वांत कमी खर्चाचा मार्ग होय.