घामाचे घर

“दादांनु, हयसर घाम काय थोडो गळता, म्हणान तुम्ही त्येका घर बांधतास?”

आमच्या गावच्या मेस्त्रींनी हा सवाल टाकला तेव्हा २०२४ सालचा शिमगा नुकताच सरला होता. मालवणहून आचऱ्याकडे जाणाऱ्या वाटेवरचे आमचे गाव. घरातून समुद्र दिसत नाही, पण रात्री गाज ऐकू येते, आणि खाऱ्या हवेचा दमटपणा तर कपाटातल्या कपड्यांनाही ठाऊक असतो. मांगराच्या सावलीत आम्ही दोघे बसलो होतो. दोघांच्याही सदऱ्यांच्या पाठी भिजलेल्या. माझ्या हातात फिनलंडहून आणलेला एका लाकडी स्नानगृहाचा नकाशा होता आणि तोही घामाने मऊ पडला होता. अशा वेळी मेस्त्रींचा प्रश्न अगदीच गैरलागू होता, असे मला म्हणता येईना.

त्याचे असे झाले. माझा पुतण्या नोकरीनिमित्त फिनलंडमधल्या तांपेरे शहरी असतो. २०२३ च्या डिसेंबरात आमच्या सौ. आणि मी त्याच्याकडे महिनाभर राहून आलो. बाहेर सारे पांढरे. दुपारी तीनलाच दिवेलागण. एका शनिवारी त्याच्या शेजारच्या आजोबांनी आम्हांला तळ्याकाठच्या आपल्या झोपडीवर नेले आणि तिथल्या ‘सौना’त बसवले. सौना म्हणजे आपल्या देवघरापेक्षा थोडी मोठी अशी लाकडाची खोली. कोपऱ्यात शेगडी, शेगडीवर दगडांची रास, समोर पायरीपायरीची बाके. हवा ऐंशी अंशांच्या वर तापलेली. मधूनच कोणीतरी ओगराळ्याने दगडांवर पाणी मारायचे, की चर्र आवाज होऊन वाफेचा लोट अंगावर यायचा. या वाफेला त्यांच्या भाषेत ‘लोयली’ असा खास शब्द आहे.

त्या देशाची लोकसंख्या साधारण पंचावन्न लाख आणि सौना तीस लाखांच्या घरात. म्हणजे माणशी अर्ध्याहून जास्त! २०२० साली युनेस्कोने फिनलंडच्या सौना-संस्कृतीला अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत स्थान दिले. राजकारणही तिथे शिजते. १९६० साली राष्ट्राध्यक्ष केक्कोनेन यांनी आपल्या साठाव्या वाढदिवशी पाहुणे आलेल्या ख्रुश्चेव यांना पहाटेपर्यंत सौनात रमवले होते, हा किस्सा आजही तिकडे चवीने सांगतात.

पण मला चटका लावून गेले ते त्या आजोबांचे एक वाक्य. वाफेत बसल्याबसल्या ते पुतण्याकरवी म्हणाले, “माझा जन्म अशाच एका सौनातला.” पूर्वी तिथल्या खेड्यांत बाळंतपणे सौनात होत. घरातली सर्वांत स्वच्छ, सर्वांत उबदार जागा ती. घरात कोणी गेले तर शेवटचे स्नानही तिथेच.

वाचकहो, हे ऐकले आणि माझे मन एकदम आमच्या गावच्या न्हाणीत जाऊन उभे राहिले.

कोकणातल्या घराची न्हाणी ज्यांनी पाहिली नसेल त्यांच्यासाठी सांगतो. माजघराच्या मागे, विहिरीच्या बाजूला, जांभ्याच्या चिऱ्यांची काळोखी खोली. एका अंगाला चूल आणि तिच्यावर कायमचे बसवलेले तांब्याचे भाण. चुलीत माडाची चुडते, सोडणे, करवंट्या, पिडे, म्हणजे परसातला सगळा कचरा. सांडपाणी भिंतीतल्या भोकातून केळीच्या आणि अळवाच्या मुळाशी. न्हाणीला लागूनच बाळंतिणीची खोली. मी आणि माझी तिन्ही भावंडे तिथलीच. निगडीचा पाला घालून उकळलेले पाणी, ओवा-वावडिंगाची धुरी, निखाऱ्यांचा शेक, हे सगळे त्या चार भिंतींत चाले. म्हणजे फिनलंडच्या आजोबांचा आणि माझा जन्म थोडक्यात एकाच जातीच्या खोलीतला.

ही न्हाणी २०२१ च्या मे महिन्यात गेली. तौक्ते चक्रीवादळ किनाऱ्याजवळून गेले त्या रात्री आजोबांनी लावलेला फणस मुळासकट उपटला आणि न्हाणीवर आडवा झाला. भाण चेपले, भिंती बसल्या. तेव्हापासून आई आमच्याकडे डोंबिवलीला. वय चौऱ्याऐंशी. दरवर्षी दिवाळी जवळ आली की ती गावाचे नाव काढी आणि मग आपणच गप्प होई. नव्या बाथरूममध्ये भावाने विजेचा गीझर बसवला होता, पण त्या पाण्याने तिचे समाधान होत नसे. गेल्या दोन दिवाळ्या घर बंदच होते आणि बंद घर कोकणात किती वर्षे टिकते हे सर्वांनाच ठाऊक आहे. घर विकावे, असे भावांच्या बोलण्यात येऊ लागले होते. मी मनाशी ठरवले, की न्हाणीच्या जोत्यावर सौना बांधायचा. भावांना नवलाई, आईला ऊब.

मेस्त्रींनी नकाशा उलटासुलटा करून पाहिला आणि म्हणाले, “नुसत्या लाकडाचा नको. तीन पावसात कुसतला. पण फणसाचा असला तर इचार करूया.” फणस तर घरातच होता! पडलेल्या झाडाच्या फळ्या तीन वर्षे मांगरात सुकत होत्या. फणसाच्या लाकडाला वाळवी सहसा तोंड लावत नाही आणि जुने होईल तसा त्याचा पिवळा रंग मधासारखा गडद होत जातो.

मग बेत ठरला तो असा. बाहेरून भिंती चिऱ्याच्याच. जुने धड चिरे बाजूला काढले, कमी पडले ते खाणीवरून आणले. जांभ्याची गंमत अशी, की खाणीतून निघताना तो पटाशीनेही तासता येतो. वारा-ऊन लागले की टणक होतो. आतून आठ फूट बाय सहा फुटांची फणसाच्या फळ्यांची पेटी. फळी आणि चिरा यांच्यामध्ये दोन बोटे जागा मोकळी, म्हणजे वारा खेळतो आणि लाकूड कुजत नाही. वर कौले असली तरी सात फुटांवर फळ्यांचा माळा, कारण गरम हवा वर जाते आणि छप्पर उंच असले तर ऊब कौलांनाच मिळते, माणसे खाली कुडकुडत राहतात. लाकडाला रंग नाही, तेल नाही, व्हार्निश नाही. तापले की त्याची वाफ नाकात जाते. बाकावर खिळ्याचे डोके कुठेही वर दिसता कामा नये. तापलेला खिळा कसा बोलतो ते बसणाऱ्याला विचारावे! मेस्त्रींनी खिळे टाळून लाकडाच्या खुंट्या मारल्या.

चुका झाल्या नाहीत असे नाही. शेगडीवर मी हौसेने जांभ्याचेच तुकडे रचले. दोनचार वेळा तापवून पाणी मारताच त्यांचा लाल चिखल झाला. ओढ्यातले गोटे आणू म्हटले, तर पुतण्याने फोनवर दम भरला, की आत पाणी मुरलेला दगड तापला की फुटून उडतो. शेवटी काळ्या पाषाणाचे कोरडे, घट्ट तुकडे आणले. ते टिकले.

याच सुमारास एका वैद्यमित्राने मला चरकसंहिता दाखवली आणि माझी फिनलंडची ऐट निम्म्यावर आली. सूत्रस्थानाचा चौदावा अध्याय हा स्वेदाध्याय. अग्नीच्या साहाय्याने घाम काढण्याचे तेरा प्रकार त्यात सांगितले आहेत. त्यांतल्या ‘जेंताक’ प्रकारात जलाशयाजवळ मातीची गोल कुटी बांधायला सांगितली आहे. भिंतीला लागून सभोवार बसायचा कट्टा, मधोमध बारीक भोकांची मातीची भट्टी, तीत खैराचे लाकूड. लाकूड जळून धूर निघून गेला, की अंगाला तेल लावून आत शिरायचे. आता तळ्याकाठी धूर काढून तापवलेली खोली आणि भिंतीकडेचा कट्टा, हे फिनलंडच्या जुन्या धुराच्या सौनाचेच वर्णन नव्हे काय? बाहेर आल्यावर लगेच थंड पाणी घेऊ नये, थोडे थांबून कोमट पाण्याने न्हावे, असेही चरकांनी बजावले आहे. आणि एक इशारा मोठा मोलाचा आहे. घाम नि घेरी आली तरी कट्टा सोडून भरकटू नये. दार सापडले नाही तर प्राणाशी गाठ. आजचे डॉक्टर सांगतील, की घेरी यायच्या आधीच बाहेर पडा. दोघांचा मान राखून मी दार बाहेर उघडणारे केले, त्याला आतून कडी ठेवली नाही आणि ते बाकापासून हाताच्या अंतरावर घेतले. खाली शेगडीजवळ एक झरोका, समोरच्या भिंतीत वर दुसरा.

एप्रिलच्या अखेरीस भिंती माथ्याला लागल्या. मुलांना सुट्टी पडली, तेव्हा सौ. आईला घेऊन रेल्वेने कुडाळला उतरली. मी मोठ्या दिमाखाने आईला खुर्चीत बसवून परसात आणले आणि सगळे समजावून सांगितले: चरक, युनेस्को, ख्रुश्चेवसुद्धा. तिने सारे शांतपणे ऐकून घेतले. मग विचारले,

“आग खंयसून घालतलंस?”

शेगडीचे तोंड आतच, जमिनीलगत ठेवले होते. नकाशात तसेच होते आणि आमच्या जुन्या न्हाणीतही तसेच होते. मी बोट दाखवले. आई काही बोलली नाही. संध्याकाळी ती माजघरात पडली असता मी जवळ जाऊन बसलो आणि खोदून विचारले, तेव्हा एकेक बाहेर आले. लग्न होऊन ती या घरात आली ती सतराव्या वर्षी. तेव्हापासून पहाटे उठून न्हाणीत उकिडवे बसायचे, फुंकणीने चूल फुंकायची. पावसाळ्यात सोडणे ओली. धुराने डोळे लाल. दिवाळीत तर रात्री तीनलाच उठायचे. आधी आजोबा, मग वडील, काका, मग आम्ही मुले, पाहुणे, मग सासूबाई.

“आणि तुझी आंघोळ?”

“तुमच्या सगळ्यांच्या झाल्यार मगे माजी. तवसर इस्तो इजलेलो आसायचो.”

ती तक्रार करत नव्हती. वेळापत्रक सांगावे तसे सांगत होती. पण साठी उलटलेल्या मला, अभ्यंगस्नानाच्या आठवणी इतकी वर्षे चारचौघांत रंगवून सांगणाऱ्या मला, त्या आठवणींत आई नेमकी कुठे होती हे त्या संध्याकाळी कळले. ती चुलीच्या तोंडाशी होती.

दुसऱ्या दिवशी मेस्त्रींना सांगितले, की भिंत फोडायची. आठ दिवसांचे काम मोडणार म्हणून ते आधी करवादले. कारण सांगितले तेव्हा क्षणभर थांबले, म्हणाले, “आमच्या आवशीचाय तसाच,” आणि पहार उचलली. आता चुलीचे तोंड बाहेरच्या बाजूला आहे, कमरेच्या उंचीवर, त्यावर स्वतंत्र कौलांची पडवी. आग घालणाऱ्याने उभे राहून घालावी. धूर लोखंडी धुराड्यातून थेट छपरावर. आत फक्त तापलेले दगड आणि शेजारी नवे तांब्याचे भाण. बंद खोलीत धूर कोंडून जिवाला अपाय व्हायची भीतीही त्याने उणावली. मृगाच्या आधी कौले चढली.

नरकचतुर्दशी ३१ ऑक्टोबरला होती. तिन्ही भाऊ, सुना, मुले मिळून घर गजबजले. आदल्या संध्याकाळी भाण चिंचेने लखलखीत घासून, गळ्यात झेंडूची माळ घालून पाणी भरले. पहाटे तीनला मी उठलो. आग घालायचे काम मी कोणाला दिले नाही. चुडते पेटली, पण सोडणे दवाने सर्द झालेली. वारा फिरला की धूर उलटा पडवीत. तासाभरात माझे डोळे चुरचुरू लागले आणि पाठ आखडली. आणि हे उभ्याने, एकाच पहाटे!

आईच्या अंगाला धाकट्या वहिनीने तेल आणि नारळाच्या रसात कालवलेले उटणे लावले. “आधी पोरांका न्हावय,” असे म्हणून तिने थोडा वाद घातला, पण कोणी ऐकले नाही. डॉक्टरांना विचारून ठेवले होते. त्यांच्या सांगण्याप्रमाणे खोली बेताचीच तापवली होती. दार अर्धे उघडे ठेवून, बाकावर पंचा टाकून वहिनी तिच्यासोबत दहा मिनिटे बसली. दगडांवर एकच ओगराळे पाणी. मग भाणातले कढत पाणी विसावून तिची आंघोळ झाली. घरात आंघोळीचा पहिला मान आईला, हे मी जन्मात प्रथम पाहत होतो.

ती बाहेर आली. तुळशीपुढे कारीट ठेवले होते, ते तिने पायाने चिरडले. मुलांनी ‘गोविंदा’ म्हणून गलका केला. आतून पाच तऱ्हांच्या पोह्यांचा वास येत होता. आई पडवीतल्या खुर्चीवर केस मोकळे सोडून बसली. चेहरा लालसर झाला होता. बराच वेळ ती छपरावरून जाणाऱ्या धुराकडे बघत राहिली आणि मग कोणाला उद्देशून असे नाही, सहज म्हणाली,

“आज पाणी गरम होता.”

मी चुलीत आणखी दोन सोडणे सारली. अजून अकरा जण आंघोळीचे राहिले होते.