गेलेल्या काळाचे दप्तर

काळ जातो, पण तो सगळाच्या सगळा जात नाही. मागे एखादी पावती राहते, वहीतली नोंद राहते, एखादे पत्र राहते. हे उरलेसुरले जिथे जपून ठेवतात, त्या जागेला आपण दप्तर म्हणतो. बाहेरच्या माणसाला ती जागा गूढ वाटते. अंधारी खोली, लाल रुमालात बांधलेले गठ्ठे, न वाचता येणारी मोडी! पण तिचे काम अगदी साधे आहे. जो माणूस आज बोलू शकत नाही, त्याची साक्ष ती सांभाळते.

महाराष्ट्रात या कामाची मोठी परंपरा आहे. इतिहासाचार्य राजवाडे कागदांच्या शोधात गावोगाव हिंडले आणि १८९८ पासून त्यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ खंडाखंडाने छापली. १९१० साली पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ निघाले. १९२६ मध्ये राजवाडे धुळ्याला वारले, तेव्हा त्यांचा संग्रह जपण्यासाठी तिथे संशोधन मंडळ उभे राहिले. पेशवे दप्तरातील निवडक कागदांचे ४५ खंड ज्यांनी संपादले, ते गोविंद सखाराम सरदेसाई तर आपल्याच रत्नागिरी जिल्ह्यातल्या गोविलचे.

दप्तराचा पहिला नियम असा की, कागद ज्या क्रमाने सापडला तो क्रम मोडू नये. सुटी पावती एवढेच सांगते की, कोणी कोणाला पैसे दिले. तिच्या शेजारचे पत्र सांगते की, ते का दिले. कागदाची संगत तुटली, की त्याची अर्धी जीभ तुटते.

आता एक प्रश्न विचारतो. दप्तरात जपला गेलेला काळ कोणाचा? मुख्यतः ज्यांनी वसूल केला त्यांचा. सारा, वतन, कर्ज, लढाई यांचे कागद राहिले. राबणाऱ्याचे नाव आले तर येणे बाकी असलेला म्हणून आले.

कारखान्याच्या युगात यात एक चमत्कारिक भर पडली. कामगाराच्या काळाची जेवढी बारीक मोजदाद झाली, तेवढी क्वचितच कोणाच्या काळाची झाली असेल. भोंगा, पाळी, हजेरी, खाडा, सगळे वहीत. पण ती वही मालकाची होती! आपल्या तालुक्यातून कितीतरी माणसे मुंबईच्या गिरण्यांत गेली. १८ जानेवारी १९८२ रोजी संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले. पुढे गिरण्या एकेक करून बंद झाल्या. यंत्रे भंगारात गेली आणि कित्येक ठिकाणी त्यांच्याबरोबर कागदही गेले.

मग घरांची योजना आली. म्हाडाची मोठी सोडत २०१२ साली निघाली. अट अशी की, १ जानेवारी १९८२ रोजी किंवा त्यानंतर आपण कामावर होतो, हे कामगाराने दाखवावे. म्हणजे ओळखपत्र, तिकीट नंबर, हजेरीपत्रक, पगाराची पावती, भविष्य निर्वाह निधीचा क्रमांक यांपैकी काहीतरी हवे. संघटनेच्या कामात असे अर्ज भरून देताना मी पाहिले आहे: ज्या घरातल्या माऊलीने नवऱ्याचा पास ट्रंकेत जपला, तिचा अर्ज उभा राहिला. ज्या घरात तो चुलीत गेला, तिथे माणसाची तीस वर्षे पुराव्याविना राहिली. दप्तर हा केवळ पंडितांचा विषय नव्हे, तो हक्काचा विषय आहे.

म्हणून घरची ट्रंक उघडा. आपल्या कोकणात कागदाचे वैरी दोन: ओल आणि वाळवी. कागद भिंतीला टेकवून ठेवू नका. पावसाळा सरला की सावलीत वारा द्या, कडक उन्हात घालू नका. चिकटपट्टी लावू नका, प्लॅस्टिकात कायमचा बंद करू नका. स्वच्छ सुती कापडात सपाट ठेवा. कागद कोणाचा, कोणत्या गावचा, कुठून आला, ते वेगळ्या चिठ्ठीवर शिसपेन्सिलीने लिहा. फोटो काढून एक प्रत दुसऱ्या घरी ठेवा.

आणि जे कागदावर कधी आलेच नाही, ते माणसांना विचारा. मीना मेनन आणि नीरा आडारकर यांनी गिरणगावच्या लोकांच्या तोंडच्या आठवणी गोळा करून २००४ साली ग्रंथरूपाने आणल्या. मुंबईतल्या गावकीच्या खोलीत किती जण राहत, खानावळीचे पैसे कसे वाटले जात, गणपतीला गावी यायला रजा कशी मिळे, हे सांगणारे वृद्ध आजही आपल्या वाड्यांतून आहेत. त्यांच्याजवळ बसून लिहून घ्या. आपल्या वाचनालयात एक कपाट या कागदांसाठी मोकळे करा. राजांची दप्तरे सांभाळायला सरकार आहे, विद्वान आहेत; आपले दप्तर आपल्यालाच बांधावे लागेल.